नीलम्माच्या वाट्याचं दार

नागपंचमीच्या आदल्या दिवशी ईराप्पाला पेठ वडगावातलं आपलं दुकान मुलावर टाकून कोल्हापूरच्या स्टँडवर जावं लागे. नेसरीची गाडी आली की कंडक्टर त्याच्या हातात दोन पिशव्या ठेवी. दोन्हींत ऐवज सारखाच: एक साडी, एक नारळ आणि डबाभर तंबिटाचे लाडू. एक पिशवी थोरल्या मेहुण्याची, शिवलिंगची. दुसरी धाकट्याची, गुंडूची. दोघं एकाच छपराखाली राहत, पण एका पिशवीत लाडू भरतील तर शपथ! ईराप्पा पिशव्या घरी आणून बायकोपुढं ठेवी आणि म्हणे, "घे, आलं तुझं दोन्ही भाऊ. पाणी दे त्यांस्नी."

नीलम्मा ऐकून न ऐकल्यासारखं करी. मग दोन्ही डबे उघडून दोन्हींतला एकेक लाडू खाई. एकाचाच खाल्ला तर दुसऱ्याला काय वाटेल, याची काळजी तिला इतक्या लांबूनही असे. अशी ती बाई होती, आणि अशा बाईच्या नशिबी असले भाऊ आले होते.

साड्यांना तिच्याकडं तोटा नव्हता. तोटा होता मुराळ्याचा. सासुरवाशिणीला माहेरी न्यायला जो येतो तो मुराळी, आणि त्या मुलखात पंचमीला मुराळी आला नाही तर बाईला गल्लीत तोंड दाखवायला जड जातं. नीलम्मा तेव्हा पन्नाशी ओलांडलेली, दोन सुनांची सासू होती. पण पंचमी जवळ आली की तिचं वय कुठल्या कुठं जाई. पूर्वी दरवर्षी गुंडू यायचा. आल्या आल्या "अक्का, आटप की, गाडी जाईल" म्हणून घर डोक्यावर घ्यायचा. नेसरीला पोचल्यावर शिवलिंगअण्णा सोप्यात, म्हणजे पुढच्या ओसरीवर, बसलेला असायचा, आणि अव्वा, तिची आई, उंबऱ्यावर भाकरीचा तुकडा आणि पाण्याचा तांब्या घेऊन उभी असायची. तुकडा ओवाळून टाकला, पायावर पाणी पडलं की मगच लेकीनं आत पाऊल टाकायचं. अव्वा गेल्यावर ते काम थोरल्या वहिनीनं उचललं.

मग आप्पा, म्हणजे वडील, वारले, आणि दोघा भावांचं बिनसलं. कशावरून, हे विचारलं तर आज दोघांनाही नीट सांगता येणार नाही. गोठ्यात म्हैस कुठं बांधायची इथून सुरुवात झाली एवढं खरं. म्हैस मेली, भांडण जगलं. गुंडूनं वाटणीचा दावा लावला, काही वर्षांनी अठ्ठ्याण्णव साली कोर्टानं हुकूमनामा दिला: शेत निम्मं निम्मं, विहिरीला पाळ्या, आणि घरालाही मधोमध रेघ. रेघ नेमकी समोरच्या दारातून जात होती. म्हणून ते दार बुजवायचं, सोप्यात भिंत घालायची आणि ज्यानं त्यानं आपापल्या अंगाला नवं दार पाडायचं, असं ठरलं. कागदावर ठरलं, पण भिंत काही उठली नाही. शिवलिंग आधीसारखाच सोप्यात बसे. गुंडू मात्र थोरल्याचं तोंड बघायला नको म्हणून मागून, गोठ्यातून ये-जा करू लागला.

त्या वर्षीच्या पंचमीला नीलम्मा नवं लुगडं नेसून, पिशवी भरून बसली होती. दुपार झाली, दिवे लागले. "पाऊस लागला असंल तिकडं," ईराप्पा म्हणाला. रात्री लुगडं घडी करून ठेवताना तिला रडू आलं, आणि ईराप्पानं ते बघितलं. त्यानंतर पुढच्या वर्षीपासून पिशव्या सुरू झाल्या.

पुढं ती नेसरीला गेली ती लग्नाकार्याला, मयताला. सकाळी जायचं, संध्याकाळी परत. राहायचं म्हटलं तर कुणाच्या अंगाला राहायचं? एका वहिनीच्या हातचं जेवलं की दुसरीच्या घरचा चहासुद्धा घशाखाली उतरत नसे. माहेर होतं, पण तिथं टेकायला जागा उरली नव्हती.

अशी बरीच वर्षं गेली. दोन हजार सहाच्या उन्हाळ्यात नेसरीची चिमणाबाई वडगावच्या बाजारात भेटली. नीलम्माच्या माहेरची शेजारीण. तिनं भाजीची पिशवी खाली ठेवून बातमी सांगितली.

"गुंडूनं दरखास्त लावलीया म्हणं. हुकूमनाम्याची अंमलबजावणी पायजे त्येला. बेलीफ येणार, दार बुजवणार, सोप्यात भिंत बांधणार. गवंडीसुदिक बघून ठेवलाय."

"आणि अण्णा?"

"त्यो काय म्हंतोय? बांधा म्हंतोय. मीबी बघतो म्हंतोय."

नीलम्मा घरी आली ती भाजी न घेताच. दुकानात ईराप्पा गुळाची ढेप फोडत होता. ती त्याच्यासमोर उभी राहिली.

"दार बुजवणार हाईत आमचं."

"बुजवू देत. त्यांचं घर हाय."

"मग मी कुठल्या दारानं जाऊ?"

ईराप्पानं हातोडी खाली ठेवली. बायकोच्या आवाजात काय आहे ते त्याला कळलं. थट्टा करायची सवय होती म्हणून तो एवढंच म्हणाला, "इतकी वरसं कुठं गेलतीस त्या दारानं?"

"जात न्हवतो, पण दार हुतं की! आज न्हाई उद्या कुणीतरी येईल, न्हील, म्हणून वाट तरी बघता येत हुती. दारच न्हाई म्हटल्यावर वाट कशाची बघू?"

ईराप्पानं ढेपेचा एक खडा उचलून तिच्या हातावर ठेवला. दुसऱ्या दिवशी तो स्वतः तिला गडहिंग्लजला घेऊन गेला.

गडहिंग्लजला प्रसेनजीत कांबळे वकिली करत होता. त्याची आई शालन ही नेसरीच्या शाळेत नीलम्माच्या बाकावर बसायची. एकीच्या डब्यातली चटणी दुसरीनं खाऊन संपवायची, इतकी मैत्री. त्यामुळं नीलम्मा त्याची मावशी. त्यानं दोन दिवसांत सगळे कागद बघून घेतले आणि म्हणाला, "मावशी, एक विचारतो. या दाव्यात तुम्हाला समन्स आलं होतं?"

"न्हाई बा."

"येणार कसं? तुमचं नावच नाही. वाटणीच्या दाव्यात सगळ्या वारसांना सामील करावं लागतं. इथं गुंडूमामांनी लिहून दिलंय की आम्हा दोघा भावांशिवाय दुसरा कोणी वारस नाही. आणि शिवलिंगमामांनी ते मान्य केलंय. एवढ्या भांडणात तेवढंच एक मान्य केलंय त्यांनी."

नीलम्माला वाटलं, कुणीतरी आपल्याला भर पंगतीतून उठवलं. मुराळी न येणं तिनं सोसलं होतं. हे मात्र तिला सोसेना. पदर तोंडाला लावून ती जरा वेळ बसून राहिली. मग पदर खाली आला तेव्हा डोळे कोरडे होते.

"हरकत घे," ती म्हणाली. "भिंत बांधू द्यायची न्हाई. मला न इचारता केलेली वाटणी मला मान्य न्हाई म्हणून लिही."

नोटिसा नेसरीला पोचल्या आणि घराच्या दोन्ही अंगांना एकदम आग लागली. ही हकिकत चिमणाबाईनं फोनवर सांगितली, आणि सांगताना तिला हसू आवरत नव्हतं. नोटीस हातात घेऊन गुंडू रागारागानं गोठ्यातून मागच्या परड्यात गेला, तर पलीकडून शिवलिंग तीच नोटीस घेऊन येत होता. दोघं समोरासमोर आले. इतक्या वर्षांत पहिल्यांदा थोरला धाकट्याशी बोलला. काय बोलला? "बघितलंस का तुझ्या अक्कानं काय केलं?" धाकटा म्हणाला, "तुझी कोण न्हाई व्हय ती?"

तारखेच्या दिवशी नीलम्मा आणि ईराप्पा लवकर येऊन कोर्टाच्या व्हरांड्यात बसले होते. नेसरीची गाडी आली. आधी शिवलिंग उतरला, पांढरा फेटा, कपाळाला विभूती, गुडघे धरलेले. त्याच्यामागून गुंडू उतरला. त्याच्या खांद्याला दोन पिशव्या होत्या, आणि त्यातली एक थोरल्याची होती. नीलम्मानं ती ओळखली. तसल्या पिशवीतले लाडू ती इतकी वर्षं खात होती.

दोघं तिच्यासमोरून गेले. शिवलिंगनं मान फिरवली. गुंडूनं फिरवायचा प्रयत्न केला, जमला नाही. पलीकडच्या बाकावर दोघं शेजारी शेजारी बसले. थोड्या वेळानं भूक लागल्यावर गुंडूनं भाकरी सोडली, अर्धी थोरल्याच्या हातावर ठेवली, वर शेंगदाण्याची चटणी ठेवली. शिवलिंगला ठसका लागला तसा गुंडूनं तांब्या त्याच्या तोंडाजवळ नेला.

"बघ," ईराप्पा कुजबुजला, "तुझ्या इरोधात का हुईना, एका बाकावर आलं."

नीलम्मा बघतच होती. इतका राग आणि इतका आनंद तिला एका वेळी कधी झाला नव्हता. उठावं, जाऊन दोघांच्या पाठीत एकेक धपाटा घालावा आणि उरलेली भाकरी आपण खावी, असं तिला वाटलं. ती उठली नाही. हरकतदार होती ना!

आत पुकारा झाला. दोघा भावांचे वकील वेगळे, पण त्या दिवशी दोघांचं म्हणणं एक: बाईंचं लग्न होऊन तीस वर्षं झाली, त्यांनी कधी हिस्सा मागितला नाही, ही हरकत अंमलबजावणी लांबवण्यासाठी आहे. प्रसेनजीतनं शांतपणे सांगितलं की वडिलांच्या मिळकतीत मुलगी वारस आहे, तिला बाजूला ठेवून झालेला हुकूमनामा तिच्यावर बंधनकारक नाही.

जज्जसाहेबांनी चष्मा वर करून भावांकडं बघितलं. "बहीण आहे हे तुम्हाला माहीत होतं ना? मग तिला दाव्यात घेतलं का नाही?"

वकील उत्तर देण्याआधीच शिवलिंग उभा राहिला. "साहेब, घरातल्या लेकीला कोर्टाची पायरी चढाय लावायची व्हय? वकिलानं इचारलंतं मला, बहीण हाय का म्हणून. मी म्हटलं, आमच्या भांडणात तिचं नाव घ्यायचं न्हाई."

"मीबी त्येच सांगितलंतं," गुंडू मागून म्हणाला. "दावा मी लावला. पण म्हटलं, अक्काला समन्स गेलं तर लोक काय म्हणतील? भावांनी बहिणीला आरोपी केली म्हणतील."

कोर्टात कोणीतरी हसलं. जज्जसाहेबांनाही ओठ दाबावे लागले. पण नीलम्मा उभी राहिली होती आणि तिला हसू येत नव्हतं.

"पायरी चढाय लागू नये म्हणून मला वारसांतनंच काढलं?" ती भावांकडं बघून म्हणाली. "आप्पा गेला तवा त्येचं डोसकं कुणाच्या मांडीवर हुतं रं अण्णा? दुसरा वारस न्हाई म्हणं! मी कोण मग? वाटंनं चाललेली पावणी?"

"बाई, इकडं बघून बोला," जज्जसाहेब म्हणाले, पण आवाज चढवला नाही. "तुम्हाला नेमकं काय हवंय?"

प्रसेनजीतनं तिला पढवून ठेवलं होतं: एक तृतीयांश हिस्सा. नीलम्मा ते विसरली नव्हती. पण तोंडातून भलतंच आलं.

"साहेब, ह्यांनी सगळं वाटून घेतलं. शेत वाटलं, हिरीचं पाणी वाटलं, हंडं-पराती वाटल्या. पंचमीला मला न्यायला कुणी यायचं, ते कुणाच्या वाट्याला गेलं तेवढं इचारा ह्यांस्नी. दरसाल मी बसतो. कोण येत न्हाई. पिशव्या येत्यात."

शिवलिंग फेट्याचा शेमला उगीच नीट करू लागला. गुंडू जमिनीकडं बघत उभा राहिला.

जज्जसाहेबांनी पेन खाली ठेवलं. "त्याचा हुकूम मला देता येणार नाही, बाई," ते म्हणाले. "पण तुमच्या हरकतीत तथ्य आहे. तुमच्या हक्काचा निकाल लागेपर्यंत भिंत बांधता येणार नाही. पुढची तारीख देतो. तोवर तिघं भावंडं एकत्र बसा आणि काही जमतंय का बघा. नाही जमलं तर मी आहेच."

बाहेर आवारात चिंचेखाली चहाची गाडी होती. तिघं तिथं उभे राहिले. ईराप्पानं सगळ्यांना चहा दिला आणि शहाण्यासारखा प्रसेनजीतला घेऊन बाजूला गेला. पहिला कप संपला.

मग गुंडू फुटला. "अक्का, मला काय भिंतीची हौस हाय? पोराची सोयरीक आलती. पावणं मोठ्या घरचं. त्यांस्नी गोठ्यातनं आत घ्यावं लागलं. शेणात पाय भरलं त्यांचं. जाताना त्यातला एक म्हातारा म्हणाला, पोरगी चांगली हाय आमची, तिला म्हशीच्या वाटंनं न्यायची का? मला दार पायजे गं. सूनबाई आणायला दार पायजे."

"मग समोरनं आणायचं हुतं की पावण्यांस्नी!" शिवलिंग ओरडला. "मी काय दारात काठी घेऊन बसलोतो?"

"काठी न्हवती, पण तू बसलातास की सोप्यात!"

"सोप्यात बसू नगं तर माळ्यावर जाऊन बसू काय? गुडघं बघ माझं!"

नीलम्मा दोघांकडं बघत राहिली. फेट्याखाली एकाचे केस पांढरे झाले होते, दुसऱ्याचे गेलेच होते. आणि भांडत होते ते अजून परड्यातल्या पेरूसाठी भांडायचे तसेच.

"पंचमीचं सांगा," ती मध्येच म्हणाली. "त्या पैल्या साली कुणीच का आलं न्हाई?"

मग गुंडू हळू आवाजात म्हणाला, "मी निघालोतो. स्टँडपातुर गेलतो. मग वाटलं, निकाल नुकता लागलाय, आता मी अक्काला आणली तर अण्णा म्हणंल, बहिणीला आपल्या अंगाला ओढली. परत फिरलो."

"आणि मी म्हटलं, दरसाल ह्योच जातोय, जाईलच," शिवलिंग म्हणाला. "सांज झाली तवा कळलं, ह्यो घरातच हाय. मग दुसऱ्या साली कुठल्या तोंडानं यायचं गं? म्हणून लाडू लावून दिलं."

नीलम्माला हसू आलं आणि त्याच वेळी डोळ्यांतून पाणीही आलं. तिनं दोन्ही आवरलं नाही. इतकी वर्षं तिनं मनात काय काय रचलं होतं, कुणाला दगड म्हटलं होतं, कुणाला बायकोच्या मुठीतला. आणि निघाले हे दोघे गाढव.

"ऐका आता," ती पदरानं नाक पुसत म्हणाली. "माझा वाटा मला पायजे. सोपा आणि समोरचं दार माझ्या नावावर करा. त्यात भिंत घालायची न्हाई, दार बुजवायचं न्हाई. अण्णा, तू बसायचं तिथंच बस. पण ध्यानात ठेव, माझ्या सोप्यात बसतोस. गुंडूतम्मा, तू समोरनं ये, सूनबाईला समोरनं आण. अण्णाच्या दारानं न्हाई येत तू, माझ्या दारानं येतोस. त्यात तुला कमीपणा न्हाई."

भाऊ एकमेकांकडं बघू लागले. हा तोडगा दोघांना इतक्या वर्षांत सुचला नव्हता, कारण त्यात तिसरं माणूस लागत होतं, आणि तिसरं माणूस त्यांनी मायेपोटी खोडून टाकलं होतं.

प्रसेनजीत लगबगीनं जवळ आला. "मावशी, घाई करू नका. शेतातसुद्धा तुमचा हिस्सा निघतो."

"निघू दे की. त्यो मी सोडलेला न्हाई," नीलम्मा भावांकडं रोखून बघत म्हणाली. "परत म्हशीवरनं भांडलासा तर शेतबी मागणार हाय, सांगून ठेवतो."

"आणि सोप्याचं भाडं काय घेणार?" शिवलिंगनं मिशीतल्या मिशीत विचारलं.

"वर्साला एक मुराळी. बास."

पुढच्या तारखेला तडजोड दाखल झाली. सोपा आणि दार नीलम्माचं, असं कागदावर आलं. गवंड्याला निरोप गेला.

पंचमीच्या आदल्या दिवशी ईराप्पा सवयीनं कोल्हापूरच्या स्टँडवर गेला. नीलम्मा पिशवी भरून, लुगडं नेसून बसली होती. मन मानत नव्हतं. कोर्टात बोलणं वेगळं आणि गाडीत बसून येणं वेगळं. संध्याकाळी ईराप्पा परत आला. त्याचे दोन्ही हात रिकामे होते.

"ह्या साली पिशव्या आल्या न्हाईत," तो तोंड पाडून म्हणाला.

नीलम्माला वाटलं, पिशव्याही गेल्या म्हणजे सगळंच गेलं. ती काही बोलणार एवढ्यात ईराप्पा दारातून बाजूला सरला. त्याच्यामागं शिवलिंग भिंतीला धरून चप्पल काढत होता, आणि गुंडू त्याला आधार देत होता.

"घे, आलं तुझं दोन्ही भाऊ," ईराप्पा म्हणाला. "पाणी दे त्यांस्नी."

"हा म्हणाला मी जातो," शिवलिंग करवादला. "मी म्हटलं, ह्याचा काय भरवसा? स्टँडवरनं परत फिरंल. म्हणून मीबी आलो."

"अक्का, आटप की," गुंडू म्हणाला, आणि तिची भरलेली पिशवी त्यानं आपल्या खांद्याला लावली.

पहाटेच्या गाडीनं तिघं निघाली. तिघांच्या बाकावर नीलम्मा मध्ये बसली. नेसरी येईपर्यंत दोन्ही खांदे आलटून पालटून तिच्या अंगावर पेंगत होते.

घरासमोर आली तर दार सताड उघडं. उंबऱ्याच्या आत दोघी वहिन्या उभ्या होत्या, एकीच्या हातात भाकरीचा तुकडा, दुसरीच्या हातात पाण्याचा तांब्या. थोरलीनं हात उचलला तशी नीलम्मानं तो धरला.

"थांबा वयनी. दार माझं हाय. ववाळायचं मी."

तिनं तुकडा आणि तांब्या घेतला, आत जाऊन उंबऱ्यावर उभी राहिली आणि भावांकडं तोंड केलं. हा उंबरा गुंडूनं इतकी वर्षं ओलांडला नव्हता. तो गल्लीत अवघडून उभा होता. शेजारून चिमणाबाई बघत होती, समोरच्या दुकानातली माणसंही बघत होती.

"अक्का, माणसं बघाय लागल्यात," तो पुटपुटला.

"बघू देत. हितं ये. दोघंबी या."

दोघं उंबऱ्यासमोर आले. नीलम्मानं तुकडा दोघांच्या डोक्यांवरून एकत्रच ओवाळला, अव्वा ओवाळायची तसा, आणि लांब फेकला. मग वाकून थोरल्याच्या पायावर पाणी घातलं, धाकट्याच्या पायावर घातलं. गुंडूच्या पायावर पाण्याबरोबर आणखी काही पडलं असेल तर ते तिलाच ठाऊक. शिवलिंगनं धाकट्याच्या पाठीवर हात ठेवला आणि त्याला आधी पुढं ढकललं.

"हो म्होरं," तो म्हणाला. "आपल्या बहिणीचं घर हाय."